घर उभं राहिलं, गाव बसायला वेळ लागला!

किल्लारीच्या भूकंपाला तीन दशकं उलटून गेली. पडलेल्या घरांच्या जागी नवी घरं पाच वर्षांत उभी राहिली. पण घर म्हणजे गाव नव्हे, हे तिथल्या माणसांना पुढची कितीतरी वर्षं शिकावं लागलं. ते शहाणपण घेऊन मराठवाड्यातल्या बायका गुजरातला गेल्या, त्सुनामीनंतर तामिळनाडूच्या किनाऱ्यावरही पोहोचल्या. भूकंपाच्या पट्ट्यात वसलेल्या दिल्लीनं आणि आपण सगळ्यांनीच ऐकावी अशी ही कहाणी आहे.

१७ फेब्रुवारी २०२५. सोमवारची पहाट. दिल्लीत ५ वाजून ३६ मिनिटं झाली होती. कुणी चहाचं आधण ठेवलं होतं, कुणी मुलांना शाळेसाठी हाका मारत होतं, तर कुणी अजून पांघरुणातच होतं. अचानक जमिनीच्या पोटातून घरघर ऐकू आली आणि खिडक्यांची तावदानं खडखडली. नोएडापासून गुरुग्रामपर्यंत माणसं अंगावरच्या कपड्यांनिशी जिने उतरून खाली धावली. भूकंपाचं केंद्र खुद्द दिल्लीत, धौला कुआंजवळ होतं. खोली जेमतेम पाच किलोमीटर, तीव्रता ४. काही क्षणांत सारं शांत झालं. फारसं काही पडलं नाही. लोक हसत-बोलत घरात परतले आणि दिवस नेहमीसारखा सुरू झाला.

पण समजा, तीव्रता ४ ऐवजी ६ च्या पुढे असती तर?

या प्रश्नाचं उत्तर शोधायला जपानला जायची गरज नाही. ते महाराष्ट्रातच आहे. लातूर आणि धाराशिव, म्हणजे तेव्हाचा उस्मानाबाद, या दोन जिल्ह्यांच्या शिवेवर.

विसर्जनाची रात्र

२९ सप्टेंबर १९९३ ला अनंत चतुर्दशी होती. गावोगावी गणपतीच्या मिरवणुका रात्री उशिरापर्यंत चालल्या. ढोल-ताशे थांबले, बाप्पाला निरोप दिला गेला आणि दमलेली माणसं घरी येऊन गाढ झोपली. त्यांच्यापैकी हजारोंना पुढची सकाळ दिसायची नव्हती.

३० सप्टेंबर. पहाटेचे ३ वाजून ५६ मिनिटं. जमीन हादरली. तीव्रता ६.२. औसा तालुक्यातलं किल्लारी, शेजारची तळणी, मंगरूळ, तिकडे उमरगा तालुक्यातलं सास्तूर, होळी, पेठसांगवी... अशी एकामागून एक गावं अर्ध्या-पाऊण मिनिटात जमीनदोस्त झाली. सरकारी नोंदीत मृतांचा आकडा ७,९२८ आहे. इतर अंदाज दहा हजारांच्या जवळ जातात. सुमारे १६ हजार गुरं दगावली. वाचले ते मुख्यतः शेतात वस्तीला गेलेले, अंगणात झोपलेले किंवा नशिबानं तुळईच्या आडोशाला सापडलेले.

पुढचे दिवस आणखी कठीण होते. वरून पाऊस कोसळत होता. ढिगारे उपसायला लष्कराचे जवान, गावोगावचे तरुण आणि राज्यभरातून आलेले स्वयंसेवक राबत होते. एकेका गावात इतकी प्रेतं होती, की वेगळी चिता रचणं शक्यच नव्हतं. पडलेल्या घरांच्याच तुळया आणि दारं-चौकटी सरपणाला लागल्या. ज्या घरानं माणसं मारली, त्याच घराच्या लाकडांवर त्यांना अग्नी दिला गेला.

घात कुणी केला?

खरं तर ६.२ तीव्रतेचा भूकंप जगातल्या महाभूकंपांत मोडत नाही. मग इतकी माणसं कशी गेली?

त्याचं उत्तर भिंतींत होतं. मराठवाड्यातलं जुनं घर म्हणजे दगड-मातीचं माळवद. दोन-अडीच फूट किंवा त्याहूनही जाड भिंती. बाहेरून आणि आतून दगडाचे दोन पदर आणि मधे माती, चिपा यांची भर. वर लाकडी तुळया आणि त्यांच्यावर पांढऱ्या मातीचा जाड थर. पावसाळ्यात गळू नये म्हणून दरवर्षी त्यात नवी माती पडायची. पिढ्यान्‌पिढ्या हा थर वाढतच गेला. ही घरं उन्हाळ्यात गार, थंडीत उबदार. वर ज्वारी वाळत घालायची सोय. चोराचिलटाचं भय नाही. अशी ही गुणी घरं!

पण त्यांच्यात एकच उणीव होती. दगडाला दगड धरून ठेवणारं काही नव्हतं. भिंतीचे दोन पदर आरपार दगडानं बांधलेले नव्हते. कोपरे एकमेकांत गुंतवलेले नव्हते. धक्का बसताच भिंतीचे पदर सुटले आणि डोक्यावरची टनावारी माती खाली आली. कित्येकांचा जीव दगडानं नव्हे, तर त्या मातीत गुदमरून गेला.

दुसरा घात केला तो निर्धास्तपणानं. भारताच्या तेव्हाच्या भूकंप-नकाशात हा भाग सर्वांत सुरक्षित समजल्या जाणाऱ्या पहिल्या विभागात होता. दख्खनचं पठार म्हणजे काळ्या पाषाणाचं, हलणार कशाला? अशी समजूत होती. वास्तविक १९६७ मध्ये कोयनेनं ती समजूत एकदा खोटी ठरवली होती. शिवाय १९९२ च्या ऑक्टोबरमध्ये किल्लारीच्या परिसरालाही छोटे धक्के बसले होते. ते कमी झाले, तशी भीतीही ओसरली. अखेर २००२ मध्ये नकाशा सुधारला गेला. पहिला विभाग रद्दच झाला आणि लातूरचा परिसर तिसऱ्या विभागात गेला. नकाशा बदलायला आधी किल्लारी पडावी लागली!

पत्र्याखालचे दिवस

तेव्हाचे मुख्यमंत्री शरद पवार त्याच सकाळी किल्लारीत दाखल झाले. मदतीचा ओघ देशातून आणि परदेशांतून सुरू झाला. जागतिक बँकेच्या कर्जातून पुनर्वसनाचा मोठा कार्यक्रम आखला गेला आणि १९९४ ते १९९८ या काळात तो राबवला गेला.

तोपर्यंत माणसं पत्र्याच्या शेडमध्ये राहिली. मराठवाड्याचा उन्हाळा आणि डोक्यावर पत्रा, ही कल्पनाच अंगाची लाही करणारी. दुपारी आत बसवत नसे. रात्री जरा कुठे भांडं वाजलं, गाडीचा आवाज आला, की लोक बाहेर पळत. भूकंपानंतरचे छोटे हादरे बसतच होते. दगडी भिंतीची तर इतकी धास्ती बसली होती, की ज्यांची घरं शाबूत होती, तीही माणसं रात्री आत झोपायला धजत नव्हती.

याच दिवसांत हाती नुकसानभरपाईचा पैसा आला. काहींनी त्यातून बैल घेतले, विहीर दुरुस्त केली. काही घरांत पैशामागोमाग दारू शिरली. दुःख गिळायला माणूस काय काय करतो! सरकारी फाइलीत त्याला रकाना नसतो.

चौकोनी गाव

सर्वाधिक हानी झालेली ५२ गावं जुन्या जागेवर पुन्हा बांधायची नाहीत, असं ठरलं. त्यांच्यासाठी नवी जागा घेतली गेली. हजारो घरं सरकारनं आणि स्वयंसेवी संस्थांनी बांधून दिली. घराचा आकार जमिनीवरून ठरला. भूमिहीन आणि अल्पभूधारकांना अडीचशे चौरस फूट, मधल्या शेतकऱ्याला चारशे आणि मोठ्या बागायतदाराला साडेसातशे.

ही घरं भक्कम होती, यात शंका नाही. पण रस्ते काटकोनात, घरं एका ओळीत आणि प्रत्येक घर दुसऱ्यासारखं. शहरातली कॉलनी उचलून रानात ठेवावी, तसं गाव दिसू लागलं.

जुन्या गावात गल्ली होती. गल्लीत ओटा होता. ओट्यावर बसून बायका तांदूळ निवडायच्या, लेकीसुनांची सुखदुःखं बोलायच्या. भाऊबंदांची घरं भिंतीला भिंत लावून होती. मारुतीचा पार कुठे, पाणवठा कुठे, हे पायांना डोळे मिटूनही ठाऊक होतं. नव्या गावात अनेक ठिकाणी घरं आकाराप्रमाणे गटागटानं आली आणि जुने शेजार फुटले. रस्ते इतके रुंद, की समोरच्या घराशी बोलायचं तर ओरडावं लागे. अडीचशे फुटांत माणसं राहणार कुठे आणि बैल, कडबा, औतं ठेवणार कुठे? त्यात कित्येकांचं शेत दूर पडलं. म्हाताऱ्या माणसांना रोजची ती पायपीट जड झाली.

हळूहळू लोकांनी ती चौकोनी गावं आपलीशी केली. कुणी पुढे पडवी काढली, कुणी मागे गोठा बांधला, कुणी कुंपण घालून अंगण केलं, तुळस लावली. कॉलनीचं पुन्हा गाव व्हायला लागलं. मात्र त्यात एक धोकाही शिरला. मूळ घर भूकंपाला टिकेल असं, पण त्याला जोडलेली भिंत पुन्हा जुन्याच पद्धतीची, बांधाबंध नसलेली. भीती विसरायला जितकी वर्षं लागतात, त्याहून लवकर माणूस सावधगिरी विसरतो.

बायका पुढे झाल्या

किल्लारीच्या पुनर्वसनातला सर्वांत शिकण्यासारखा भाग स्थलांतरित गावांत घडला नाही. तो घडला ज्यांची घरं पूर्ण पडली नव्हती, नुसती तडकली होती, अशा गावांत. ती गावं थोडीथोडकी नव्हती. सुमारे दोन लाख घरं दुरुस्त करून मजबूत करायची होती. एवढं काम कंत्राटदारांवर सोपवणं अशक्य. मग सरकारनं घरमालकालाच हप्त्याहप्त्यानं अनुदान द्यायचं आणि त्यानं स्वतः काम करून घ्यायचं, असा मार्ग काढला.

पण भिंतीत आरपार दगड कसे घालायचे, कोपरे कसे बांधायचे, खांब-तुळईच्या जोडाला तिरपा आधार कसा द्यायचा, माळवदावरची माती किती उतरवायची, हे घरोघरी समजावणार कोण? इथे प्रेमा गोपालन यांच्या ‘स्वयं शिक्षण प्रयोग’ या संस्थेनं महिला मंडळांना पुढे आणलं. हजाराहून अधिक गावांत बायका ‘संवाद सहायक’ म्हणून काम करू लागल्या. सरकारी योजना त्या घरोघरी समजावून देत. हप्ता का अडला, हे इंजिनिअरला विचारत. सिमेंटमध्ये वाळू किती, भिंतीवर पाणी मारलं की नाही, यावर नजर ठेवत. ज्या बाईनं आजवर ग्रामपंचायतीची पायरी चढली नव्हती, ती आता गवंड्याला चुकीचा थर उतरवायला सांगू लागली.

सुरुवातीला टिंगल झाली. चूल सोडून बाईनं भिंती कशाला बघायच्या? पण त्या घरात दिवसभर कोण राहतं? भिंतीला ओल कुठे येते, दार कुठे अडतं, हे कुणाला माहीत असतं? घर बाईला जितकं कळतं तितकं कुणालाच नाही, हे हळूहळू पुरुषांनाही पटलं.

घरं पुरी झाली, तरी मंडळं मोडली नाहीत. बचत गट निघाले, छोटे व्यवसाय सुरू झाले. पुढे मराठवाड्यावर दुष्काळ आला, तेव्हा यातल्याच महिलांनी घरच्या जमिनीतला एकेक तुकडा मागून घेतला. त्यात कमी पाण्याची, घरच्यांच्या पोटाला लागणारी पिकं घेतली. या कामाबद्दल २०१६ मध्ये संस्थेला संयुक्त राष्ट्रांचा ‘इक्वेटर’ पुरस्कार मिळाला. भिंतीच्या दुरुस्तीपासून निघालेली वाट शेताच्या बांधापर्यंत पोहोचायला वीस वर्षांहून जास्त काळ लागला. पुनर्वसन म्हणतात ते हेच!

त्या बाराशे मुलांचं काय?

घर पुन्हा बांधता येतं. शाळेत जायचं वय मात्र परत येत नाही. आई-बाप गमावलेली, शाळा पडलेली मुलं ढिगाऱ्याभोवती घुटमळत होती. मदतीच्या रांगेत उभं राहण्याची त्यांना सवय होत चालली होती. शांतिलाल मुथ्था यांच्या पुढाकारानं भारतीय जैन संघटनेनं अशा सुमारे बाराशे मुलांना पुण्याला आणलं. त्यांच्या राहण्या-शिकण्याची जबाबदारी घेतली. पुढे वाघोलीला त्यासाठी स्वतंत्र केंद्र उभं राहिलं.

गाव सोडून एवढ्या लांब आलेल्या मुलांना समजावणं सोपं नव्हतं. रात्री दचकून उठणारी, आवाजानं घाबरणारी ही मुलं. पण पाटी-दप्तर, ठरलेली घंटा, मैदानावरचा खेळ आणि वेळेवरचं जेवण यांतून त्यांचा दिवस पुन्हा जागेवर आला. आपत्तीनंतर मुलाला सर्वांत जास्त काय हवं असतं? काल घडलं तेच आज घडेल, ही खात्री. शाळा त्यांना तेवढं देते आणि तेवढं खूप असतं.

लाटेच्या गावी

२६ डिसेंबर २००४. रविवारची सकाळ. भारतीय वेळेनुसार साडेसहाच्या सुमाराला सुमात्राजवळ समुद्राच्या तळाशी ९.१ तीव्रतेचा प्रचंड भूकंप झाला. समुद्राचा तळच उचलला गेला आणि त्यावरचं पाणी लाटा होऊन चारी दिशांना निघालं. तामिळनाडूच्या किनाऱ्यावर त्या लाटा पोहोचायला दोन तासांहून जास्त वेळ लागला. दोन तास! तेवढ्यात किनारे रिकामे करता आले असते. पण सांगणारं कुणी नव्हतं. कोळीवाड्यांत मासळीचा बाजार भरला होता, मुलं वाळूत खेळत होती. एकट्या नागपट्टिणम जिल्ह्यात सहा हजारांहून अधिक माणसं गेली. देशात दहा हजारांवर मृत्यू नोंदले गेले. साऱ्या हिंदी महासागराच्या काठावर सव्वादोन लाखांच्या आसपास बळी पडले.

त्याआधी २६ जानेवारी २००१ ला गुजरातेत भुजचा भूकंप झाला, तेव्हा मराठवाड्यातल्या बायका तिकडे गेल्या होत्या. आता त्याच अनुभवाची शिदोरी घेऊन संस्थेचं काम तामिळनाडूच्या किनाऱ्यावर पोहोचलं. भाषा वेगळी, जेवण वेगळं. एक शेतकरी, दुसरा कोळी. तरीही घर गेलेल्या बाईला घर गेलेली बाई भेटली, की दुभाष्याचं काम निम्मं होतं.

प्रश्नही ओळखीचेच निघाले. लाटेच्या भीतीनं नवी घरं किनाऱ्यापासून आत बांधायची ठरली. पण मग होडी कुणाच्या राखणीला ठेवायची? जाळी कुठे वाळवायची? पहाटे समुद्राचा रंग कुठून पाहायचा? किल्लारीच्या शेतकऱ्याला जे शेताचं दुःख, तेच इथे कोळ्याला समुद्राचं. जीव वाचवण्यासाठी माणसाला हलवावं लागतं. पण ज्याच्यावर तो जगतो, त्यापासून फार लांब हलवलं, तर तो पुन्हा जुन्या जागी येतोच. म्हणून घराचा नकाशा काढण्याआधी त्यात राहणाऱ्याला विचारा, हा धडा किल्लारीनं दिला आणि त्सुनामीनं गिरवून घेतला.

या दोन आपत्तींनी देशाचा कारभारही बदलला. २००५ मध्ये आपत्ती व्यवस्थापन कायदा झाला. दिल्लीत राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरण स्थापन झालं, पाठोपाठ राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल उभं राहिलं. २००७ मध्ये हैदराबादला त्सुनामीची सूचना देणारं केंद्र सुरू झालं. समुद्रातल्या भूकंपानंतर काही मिनिटांतच ते इशारा देऊ शकतं. २००४ मध्ये जे दोन तास वाया गेले, ते आता वाया जाण्याचं कारण नाही.

मात्र जमिनीवरच्या भूकंपाला अशी दोन तासांची सवलत नसते. त्याचा दिवस आणि वेळ आधी सांगणारं शास्त्र अजून जगात कुठेच नाही. तिथे इशारा एकच. आपलं घर.

दिल्ली किती दूर?

किल्लारी सुरक्षित विभागात गणली जात असताना पडली. दिल्ली तर २००२ च्या नकाशात धोक्याच्या चौथ्या विभागात आहे. हिमालय जवळ आणि खुद्द शहराखालीही भेगा. १७२० मध्ये दिल्लीनं मोठा भूकंप सोसल्याच्या नोंदी आहेत. १८०३ च्या भूकंपात कुतुबमिनारचा माथ्यावरचा घुमट कोसळला. १९६० मध्येही राजधानी चांगलीच हादरली होती. यमुनेकाठच्या भागात खाली गाळाची भुसभुशीत जमीन असल्यानं तिथे धक्का जास्त जाणवतो.

आणि वर काय आहे? पन्नास-पन्नास गजांच्या तुकड्यांवर चार-चार मजले. गाड्या लावायला तळमजला मोकळा आणि सारा भार बारीक खांबांवर. पाच माणसांसाठी बांधलेल्या घरावर चढवलेली आणखी दोन बिऱ्हाडं. मराठवाड्यात दरवर्षी माळवदावर मातीचा एक थर वाढत गेला. इथे मजला वाढत जातो. फरक तेवढाच.

घरात आजच पाहून घ्या

• घर घेताना फरशी आणि नळ पाहतो, तसंच इमारतीचा आराखडा इंजिनिअरकडून तपासला आहे का, हेही विचारा. जुन्या इमारतीची तपासणी करून ती मजबूत करता येते.

• मंजुरीशिवाय मजला चढवू नका. मधली भिंत किंवा खांब स्वतःच्या मनानं तोडू नका.

• उंच कपाटं, पुस्तकांच्या मांडण्या भिंतीला घट्ट बसवा. पलंगाच्या डोक्याशी जड वस्तू ठेवू नका.

• धक्का बसला, तर भक्कम टेबलाखाली बसा, डोकं झाका, टेबलाचा पाय धरून ठेवा. हादरे चालू असताना जिन्याकडे धावू नका. लिफ्ट वापरू नका.

• हादरे थांबल्यावर गॅस आणि विजेचं मुख्य बटण बंद करा आणि मोकळ्या जागी जा. घरातल्या सर्वांनी कुठे भेटायचं, ते आधीच ठरवून ठेवा.

• टॉर्च, पाणी, नेहमीची औषधं आणि महत्त्वाच्या कागदांच्या प्रती एका पिशवीत तयार असू द्या.

ही यादी वाचायला दोन मिनिटं लागतात. त्यातलं निम्मं काम एका रविवारच्या दुपारी होण्यासारखं आहे.

किल्लारीच्या जुन्या गावठाणात नंतर झाडं-झुडपं वाढली. दरवर्षी ३० सप्टेंबरला लोक गेलेल्यांना श्रद्धांजली वाहतात. भूकंपात जन्मलेली पिढी आता स्वतः आई-बाप झाली आहे. त्यांच्या मुलांना ती पहाट केवळ ऐकून माहीत. त्यांना ती सांगायला हवी. रडवण्यासाठी नव्हे, तर उद्या ती मुलं स्वतःचं घर बांधतील, तेव्हा दगडाला दगड नीट बांधावा म्हणून.